होडीवालीची बाबागाडी

"कॅमेऱ्यासमोर वेंधळेपणा केलास, तर लोक तुला जन्मभर वेंधळीच समजतील," आईने तूवाला बजावलं होतं. तिने ते हसण्यावारी नेलं. बेटावरच्या त्या रिॲलिटी शोमध्ये ती एकदा होडी बांधायची विसरली, होडी वाहून गेली, आणि वाहिनीने तेवढंच पुन्हापुन्हा दाखवलं. तेव्हापासून स्वीडनमधल्या उभ्या नॉरशॉपिंग गावात ती 'होडीवाली' झाली.

लेक झाल्यावर मात्र तूवा डोळ्यांत तेल घालून बसे. झोपलेल्या मायकेनच्या नाकाशी बोट धरून श्वास चाललाय ना, ते बघे.

फेब्रुवारीतलं कोवळं ऊन पडलं होतं. कॉफीच्या दुकानाबाहेर, तिथल्या रिवाजाप्रमाणे, बाबागाड्यांची रांग, गाड्यांत लोकरीत गुरफटलेली पोरं गार हवेत गाढ झोपलेली. तूवाने आपली गाडी अगदी काचेला लावली. ब्रेक दाबला, पुन्हा दाबला, मग आत जाऊन काचेशीच बसली.

"वेलचीचा पाव खा गं! काचेला नाक लावून पोट भरणार आहे का?" मैत्रीण लोविसा म्हणाली.

तूवा कॉफी घ्यायला उठली. वळून बघते तर मायकेनची गाडी गायब!

ती कोटाशिवायच धावत सुटली. कोपऱ्यावर भिंतीच्या आडोशाला एक म्हातारी गाडी हलवत उभी होती.

"माझी लेक!"

"ओरडू नकोस, उठेल. तू होडीवाली ना? म्हटलं, पोरीला बाहेरच विसरून घरी गेलीस."

"मी आतच होते! बाकीच्या गाड्या नाही हलवल्यात त्या?"

"त्यांच्या आया टीव्हीवर कुठे आल्यात?" म्हातारी म्हणाली. मग जरा ओशाळली. "पण ब्रेक असा आवळलेला, की माझं कंबरडं मोडलं. तेव्हाच कळायला हवं होतं गं. चुकलं माझं."

तूवाला हसू फुटलं. "चला आजी, पाव खायला."

ती सोलवेइग. आता दर गुरुवारी ती शाल पांघरून गाडीपाशी बाकावर बसते, आणि तूवा आत निवांत गरम कॉफी पिते. काचेकडे बघते, पण कमी.

या गुरुवारी बाक रिकामा होता. "साधी सर्दी आहे. येऊ नकोस, पोरीला लागेल," सोलवेइग फोनवर म्हणाली. मायकेनला सोडून तूवाला जाववत नाही. म्हणून तिचं तुमच्याकडे एवढंच मागणं आहे: पुलापलीकडच्या पिवळ्या इमारतीवरून जाणार असाल, तर सोलवेइगची घंटा वाजवा आणि तिने काही गरम खाल्लंय का, तेवढं बघा.