घाईचा अर्ज

मावशी केस जिंकलेली होती, हे आधी सांगितलेलं बरं, कारण तिच्याकडे बघून कुणालाच तसं वाटायचं नाही. नवरा गेल्यावर तिच्या दोन खोल्यांवर दिराने हक्क सांगितला, कोर्टाने तो फेटाळला, आणि दिराने अपील ठोकलं. अपिलाचा निकाल लागेपर्यंत खोल्या बंद. कुलूप मावशीचंच, किल्लीही तिच्याच पर्समध्ये, फक्त उघडायची मनाई. तेव्हापासून ती माझ्याकडे, म्हणजे भाच्याकडे राहते. जेवताना रोज ठरवते, परत गेल्यावर आधी खिडक्या उघडायच्या, मग नवऱ्याची आरामखुर्ची उजेडात ओढायची.

अपील वर्षानुवर्षं लोंबकळत पडलं. कधी न्यायाधीशांची बदली, कधी दिराचा वकील आजारी. तो नेमका आमच्याच तारखेला आजारी पडायचा. पुढे पुढे मलाच त्याच्या प्रकृतीची काळजी वाटायला लागली. शेवटी आमच्या वकीलबाई म्हणाल्या, वरच्या कोर्टात अर्ज करू, मावशींचं वय बघून खालच्या कोर्टाला घाई करायला सांगा म्हणून.

सुनावणीला जरा थकल्यासारख्या बसा, असं बाईंनी बजावलं होतं. मावशी कडक इस्त्रीचे कपडे घालून ताठ बसली. नाटकं करायला ती कोर्टात आली नव्हती म्हणे. तरी न्यायाधीशांनी उशीर का होतोय ते बघायला खालची फाइल मागवून घेतली आणि चक्क आमच्या बाजूने हुकूम दिला: फाइल परत पोचल्यापासून सहा महिन्यांत अपील निकाली काढा. त्याच संध्याकाळी मावशीने बॅग भरून दाराशी ठेवली.

मग आम्ही दोघं खालच्या कोर्टात गेलो. तिथला कारकून भला माणूस होता. त्याने मला आत बोलावून हळू आवाजात सांगितलं, "नवे साहेब आल्यापासून जुनी अपिलं भराभर निघतायत. तुमचंही पुकारलं होतं गेल्या महिन्यात. पण फाइल वर गेलेली, मग बाजूला ठेवलं."

फाइल कधी येणार, असं मी विचारलं. वरचे म्हणतात पाठवली, आमच्याकडे तर आली नाही, एवढंच त्याला माहीत होतं. आणि ती येईपर्यंत आमचे सहा महिने सुरूच होणार नव्हते. सगळे नियमानेच वागले होते. भांडायला कुणी सापडेना, याचाच मला जास्त संताप आला.

मावशी बाहेर बाकावर बसली होती. खोटं बोलावंसं फार वाटलं, पण माझा चेहरा ती लहानपणापासून ओळखते. सगळं सांगून टाकलं.

"म्हणजे अर्ज केला नसता तर झालं असतं?"

मी हो म्हटलं. मग पर्समधून किल्ली काढून तिने माझ्या हातावर ठेवली.

"निकाल लागेल तोवर कुलूप गंजलं असेल. आधी तेल सोड, जोर लावू नकोस."

"आपण दोघं जाऊ की, मावशी."

"घरी गेल्यावर ती बॅग माळ्यावर टाक," ती म्हणाली. "उगाच पायात येते."