दोराचा प्रसंग

वीस वर्षांत सुमेधा मुळ्येने काही लिहायचं बाकी ठेवलं नव्हतं. विनोदी नाटकं, भुताच्या मालिका, सासू-सुनांचे आठशे भाग. "मुळ्येबाईंना सकाळी सांगा, दुपारी प्रसंग हातात," असं निर्माते म्हणत. आता ती स्वतःच निर्माती झाली होती आणि पहिला सिनेमा रत्नागिरी जिल्ह्यात, आपल्या मुलखात करत होती. गोष्ट नाटे गावच्या अद्नान या मच्छीमाराची, आणि चित्रीकरणही त्याच गावात. अकरा वर्षांपूर्वी वादळात त्याची होडी मोठ्या बोटीने होडीचाच जुना दोर लावून ओढत आणताना दोर तुटला आणि अद्नान बुडाला. त्याच्या बायकोने, साबेराने, हे सुमेधाला सांगितलं होतं. चित्रीकरणाला तीच बोट मिळाली होती, आणि ती चालवणारा तांडेलही तोच, वजीर होडेकर.

दुपारी दोन वाजता वजीर बोटीवरून उतरला. इंजिनाची चावी त्याने खिशात टाकली. हातात पटकथेची दोन पानं होती.

"हे तुम्हाला साबेराने सांगितलं?"

"कुठलं?"

"तांडेल दोर कापतो, ते."

"नाही हो. दोर आपसूक तुटला तर पडद्यावर त्यात जीव राहत नाही. मी मनाने लिहिलं."

वजीरने पानं तिच्यापुढे धरली. कानशिलावरून घाम ओघळत होता, तो त्याने पुसला नाही. आपण नकळत खरंच लिहून बसलो ते सुमेधाला कळलं.

"तुटला असं लिहा," तो म्हणाला. "नाहीतर बोट नाही."

जेटीवर साठ माणसं खोळंबली होती. चारनंतर ओहोटी लागणार होती. सुमेधाने पेन ओळीवर टेकवलं. आजवर हजारो ओळी खोडल्या, ही मात्र खोडवेना.

"खोडते. पण का खोडली ते साबेराला तुम्ही सांगायचं. मी तिच्याशी खोटं बोलणार नाही."

साबेरा पलीकडे नायिकेला ओढणी कशी घ्यायची ते दाखवत होती. वजीर तिच्यापुढे जाऊन उभा राहिला.

"साबेरा, दोर तुटला नव्हता. होडीत पाणी भरलं, ती बोटीला खाली ओढायला लागली. बोटीवर आम्ही पाच जण होतो. मी कापला. बाकीच्यांनी तोंड बंद ठेवलं."

"त्याने बघितलं?"

"बघितलं."

साबेराने हातातली ओढणी नायिकेच्या खांद्यावर टाकली.

"तो नवा दोर घेऊया म्हणत होता. मी म्हटलं, ईद होऊन जाऊ दे. माझ्यामुळे तुटला म्हणून अकरा वर्षं मी स्वतःला खात बसले, वजीरभाई. आणि तुम्ही रोज माझ्या दारावरून जात होतात."

"माफ करशील?"

"आज नाही." ती सुमेधाकडे वळली. "बाई, लिहिलंय तसंच करा." आणि मागे न बघता घराकडे चालू लागली.

वजीरने चावी सुमेधाच्या हातात दिली. कॅमेरा लागला, पण तांडेल झालेल्या नटाला सुरी नीट धरता येईना. सुमेधा काही बोलायच्या आत वजीर पुढे झाला, नटाची मूठ सुरीवर बसवून दिली आणि बाजूला झाला. ओहोटी लागायच्या आत प्रसंग पुरा झाला.