नवरीच्या आईची जागा

मित्रांनो, मी एक जुनी घडीची खुर्ची आहे. पाय लोखंडाचे, बैठक प्लायवूडची. एका समारंभाच्या हॉलमध्ये माझं सगळं आयुष्य गेलं आणि आता मला स्वयंपाकघराच्या दाराशी भिंतीला टेकवून ठेवतात. सांगण्यासारखं माझ्याकडे पुष्कळ आहे, पण खरं सांगू, आताशा बोलायचाही कंटाळा येतो. तरी एक गोष्ट सांगायची राहून गेली तर मनाला रुखरुख लागेल, म्हणून बोलते.

माझा जन्म एका वेल्डरच्या शेडमध्ये झाला. नळ्या कापल्या, वाकवल्या, जोडल्या. ठिणग्या उडाल्या तेव्हा मी फार घाबरले होते. सगळं झाल्यावर वेल्डर स्वतः माझ्यावर बसला, मागेपुढे डुलला आणि म्हणाला, "ही टिकेल." माझं इतकं कौतुक पुढे कुणी केलं नाही. मग मला हिरवा रंग लागला आणि बहिणींबरोबर टेम्पोत बसून मी या हॉलवर आले.

तेव्हापासून मी लोकांना बसवते आहे. वाढदिवस झाले, सभा झाल्या, शोकसभा झाल्या. कुणी माझ्या मागच्या दोन पायांवर झोके घेतले, कुणी चघळलेलं च्युइंगम माझ्या बैठकीखाली चिकटवून दिलं. भाषण लांबलं की माणसं माझ्यावर खुशाल डुलक्या काढत. लग्नाच्या दिवशी मात्र आम्हाला पांढरी कव्हरं चढत आणि पाठीमागे रिबिनीची गाठ बसे. त्या दिवशी आपण नवरीपेक्षा काही कमी नाही, अशी माझी समजूत होती. पुढे माझा एक स्क्रू सैल झाला. तो आवळायला कुणाला सवड झाली नाही. एकदा एक जाडजूड काका माझ्यावरून कलंडले आणि दुसऱ्या दिवशी माझी रवानगी स्वयंपाकघराच्या दाराशी झाली. दोष स्क्रूचा होता, पण नाव माझं खराब झालं.

एका दुपारी एक मुलगी स्वतःच्या लग्नाच्या रिसेप्शनचं ठरवायला आली. बरोबर तिची आई होती. आई घरी शिवणकाम करायची. मशीनवर वाकून वाकून तिची कंबर पार धरली होती. बाकीच्या खुर्च्या रचून ठेवलेल्या होत्या, म्हणून व्यवस्थापकाने मलाच पुढे ओढलं आणि आई माझ्यावर बसली. किती बेताने बसली ती! माणूस दुसऱ्याच्या घरी बसतं ना, तशी कडेवर.

व्यवस्थापकाने विचारलं, कुणी कुठे बसायचं ते ठरवून टेबलांवर नावं लावायची, की पाहुण्यांना मोकळं सोडायचं? मुलीने आईकडे पाहिलं. व्यवस्थापकाने असली लग्नं ढिगाने पाहिली होती. तो म्हणाला, "नावं लावलीत तर लोक तुमच्यावर रुसतात. नाही लावलीत तर एकमेकांवर रुसतात. काय ते ठरवा, ताई."

मुलीची अडचण वेगळी होती. तिचे आईवडील बऱ्याच वर्षांपूर्वी वेगळे झाले होते. वडिलांनी दुसरा संसार थाटला होता. आईने शिलाईवर मुलीला एकटीने वाढवलं होतं. आता वडिलांना आणि त्यांच्या बायकोला पुढचं टेबल हवं होतं. आईला त्याच टेबलावर बसवावं, तर सगळ्यांचा घास घशात अडकणार. मागे बसवावं, तर मुलीनेच तिला मागे टाकलं असं दिसणार. आठवडाभर मुलगी मनातल्या मनात टेबलं मांडत होती आणि मोडत होती. बिचारी रडकुंडीला आली होती.

तिने काही विचारायच्या आतच आई म्हणाली, "माझं काय गं, मी कुठेही बसेन."

हे म्हणताना तिने माझ्या बैठकीची कड दोन्ही हातांनी घट्ट धरली होती. ते मला कळलं. मुलीला कसं कळणार? तिच्या डोक्यावरचं ओझं उतरलं. ती म्हणाली, "मग मोकळंच ठेवा. ज्याला जिथे हवं तिथे बसू दे."

रिसेप्शनच्या दिवशी दारं उघडली आणि पाहुणे आत शिरले. मोकळी बैठक म्हणजे काय असतं ते आम्हा खुर्च्यांना विचारा. एका खुर्चीवर माणूस बसतं आणि शेजारच्या तीन अडवतं. एकीवर पर्स, दुसरीवर शाल, तिसरीवर रुमाल. कुणी विचारलं की, "आहेत हं, येतायत." माझ्या एका बहिणीवर तर सबंध संध्याकाळ एक पर्सच बसून होती.

आई आधी आपल्या बहिणींच्या टेबलाशी गेली. त्या म्हणाल्या, "अगं, तू इथे कशी? तू मुलीची आई, तुझी जागा पुढे असेल." पुढच्या टेबलावर वडील, त्यांची बायको आणि त्यांच्याकडची मंडळी दाटीवाटीने बसली होती. वडिलांची बायको काही वाईट नव्हती हो. ती अर्धवट उठलीसुद्धा आणि म्हणाली, "या ना, बसा." आई म्हणाली, "नको नको, बसा तुम्ही. मला मागचं बघायचंय." मग ती टेबलाटेबलांतून फिरू लागली. कुणाला पाणी हवं का, कुणाला वाढायचं राहिलं का, असं विचारत राहिली. हसून विचारत होती, म्हणून कुणाच्या काही लक्षात आलं नाही. ज्याला त्याला वाटत होतं, हिची जागा दुसरीकडे कुठेतरी आहे.

शेवटी कंबरेने दगा दिला. आई स्वयंपाकघराच्या दाराशी आली, तिने मला उघडलं आणि माझ्यावर टेकली. चप्पल काढून तिने पाय जमिनीवर सपाट ठेवले. मित्रांनो, मी आयुष्यभर माणसं पेलली, पण इतकं दमलेलं माणूस माझ्यावर कधी बसलं नव्हतं. मला तिची फार कीव आली. माझ्या अंगावर कव्हरसुद्धा नाही, याची मला लाज वाटली.

तिकडे नवरा-नवरी टेबलाटेबलावर जाऊन पाहुण्यांना भेटत होती. हे मला नंतर बहिणींनी सांगितलं. मुलगी प्रत्येक टेबलावर आईला शोधत होती. मावश्या म्हणाल्या, ती पुढे बसली आहे. वडील म्हणाले, "मला वाटलं, ती तिच्या बहिणींबरोबर असेल." मुलगी तिथेच थांबली. मग नवऱ्याचा हात सोडून ती भराभर चालत आमच्याकडे आली.

"आई, तू इथे काय करतेस?"

"काही नाही गं, जरा टेकले. इथे वारा बरा लागतो."

वारा कसला, आतून भांड्यांची गरम वाफ येत होती.

"जेवलीस?"

"जेवेन गं. पाहुण्यांचं होऊ दे."

मुलगी तिच्यासमोर उकिडवी बसली. भारी कपडे जमिनीवर लोळत होते, तिकडे तिचं लक्ष नव्हतं. ती हळूच म्हणाली, "आई, मी मोकळं ठेवलं ते पाहुण्यांसाठी नाही. तुला कुठे बसवायचं, ते ठरवायची मला भीती वाटली."

"माहीत आहे मला."

"मग बोलली का नाहीस?"

आईने तिच्या खांद्यावरची कपड्याची शिवण उगाच सारखी केली. मग म्हणाली, "मला वाटलं, तूच म्हणशील. 'आई, तू माझ्याजवळ बस,' असं म्हणशील. रोज वाट बघत होते."

मुलगी उठली, तिने आईला उठवलं आणि मला उचललं. सगळ्या हॉलमधून, दोन्हीकडच्या पाहुण्यांच्या देखत, नवरी मुलगी एक रंगाचे पोपडे निघालेली खुर्ची घेऊन चालली होती. वडील उठले आणि त्यांनी वाटेतली आपली खुर्ची मागे घेतली. मुलीने मला स्टेजवर नवरा-नवरीच्या जेवणाच्या टेबलाशी नेऊन आपल्या खुर्चीला खेटून ठेवलं. मागोमाग आलेल्या नवऱ्याने शहाण्यासारखं आपलं ताट सरकवून जागा केली.

मी डगमगत होते. मुलीने माझी पाठ दोन्ही हातांनी धरली आणि ती म्हणाली, "बस, आई." आई बसली. या वेळी ती कडेवर नाही, चांगली पाठ टेकून बसली. मी करकरले, पण टिकले. जेवण तोवर गार झालं होतं आणि निम्मे पाहुणे निघायला लागले होते. मुलीने तिला वाढलं आणि ती जेवली.

मित्रांनो, आम्हाला जपा, आमच्यावर झोके घेऊ नका, एवढं मी सांगणारच. पण त्याआधी एक विनंती ऐका. तुमच्या घरच्या समारंभात पाहुण्यांना खुशाल हवं तिथे बसू द्या. फक्त सकाळपासून जे माणूस तुमच्यासाठी उभं आहे, त्याची खुर्ची तुम्ही स्वतः ओढा. तिची पाठ धरून ठेवा आणि ते माणूस नीट बसेपर्यंत हात काढू नका.