व्याज हा शब्द

माझ्या अजिमला कोणी भला माणूस म्हटलं की संपलं. मग तो अंगातला सदरासुद्धा काढून देईल. थोरला आहे, चाकणला कंपनीत कामाला आहे, दोन लेकरांचा बाप आहे, पण कौतुकाला असा भुलतो की मला आई असून लाज वाटते.

त्याच्या अब्बांनी, म्हणजे इकबालमियांनी, उभा जन्म कांद्याच्या ट्रकांना स्प्रिंगचे पाटे बसवण्यात घालवला. बाजाराजवळ त्यांची स्वतःच्या जागेवरची पत्र्याची शेड होती. ती विकून आलेली सगळी रक्कम त्यांनी चऱ्होलीत फ्लॅटसाठी भरली. बुकिंग अजिमच्या नावाने केलं, कारण पगाराची स्लिप त्याच्याकडे होती. चार मजले उठले आणि काम थांबलं. दर जुम्म्याला नमाज झाली की हे स्कूटर काढून तिकडे जायचे. परत आले की सांगायचे, आज वॉचमन पण नव्हता. सळया गंजल्या, यांचा दमा वाढला, आणि एका थंडीत हे गेले. आम्ही आहोत तिथेच आहोत, भाड्याच्या दोन खोल्यांत. नळाला पाणी आलं की सगळ्या चाळीची भांडणं ऐकायची.

केस मी लावायला लावली. बिल्डर नुसता तारखा द्यायचा, म्हणून ग्राहक आयोगात गेलो. पुण्याला मी आणि सून सना जायचो, अजिमची शिफ्ट असायची. शेवटी निकाल लागला की भरलेली सगळी रक्कम परत करा, आणि जेव्हा जेव्हा पैसे भरले त्या त्या दिवसापासून व्याज द्या. त्या शब्दावर मी दचकले. वकीलबाई स्वरूपा मॅडमना विचारलं, आमच्यात व्याज घेत नाहीत, हे कसं करायचं? त्यांनी मला बाकावर बसवून नीट समजावलं. म्हणाल्या, तुम्ही कोणाला उसने पैसे देऊन नफा काढलेला नाही. त्याने तुमचा पैसा वापरला, घर दिलं नाही, तुम्ही इतकी वर्षं भाडं भरलंत. ही त्याची भरपाई आहे. ती मोजायला कायद्याने व्याजाचं माप लावलंय, इतकंच.

मी चौथी शिकलेली, पण हे मला पटलं. रात्री जेवताना अजिमला सगळं सांगितलं. तो मोबाईल बघत हो हो म्हणत होता.

त्या निकालाने घराचं गणित बसत होतं. चऱ्होलीतच दुसऱ्या बिल्डिंगमध्ये एक वापरलेला फ्लॅट सनाने बघून ठेवला होता. दोन खोल्या, किचनला खिडकी. मुद्दल आणि व्याज मिळून तो येत होता.

मग बिल्डरच्या ऑफिसातला निरंजन म्हणून कोणी आहे, त्याने अजिमला बोलावून घेतलं. एसीत बसवलं, चहा दिला. अजिमनेच मला हे घरी येऊन हौसेने सांगितलं. तो निरंजन म्हणाला होता, "अजिमभाई, तुमच्यासारखी इमानाची माणसं आता राहिली कुठे? तुमच्यात व्याज हराम ना? मग ते पाप आम्ही तुमच्या माथी कशाला मारू? मुद्दल आजच घेऊन जा."

आणि याने सही केली. व्याज धर्माला मंजूर नाही, म्हणून समजून-उमजून स्वखुशीने सोडत आहे, असा कागद त्यांनी आधीच टाइप करून ठेवला होता. येताना पेढे घेऊन आला. सना मोरीत भांडी घासत होती, तिचे हात थांबले.

मी विचारलं, मोटरसायकलचा हप्ता बँकेला भरतोस त्यात व्याज असतं ना, तेव्हा हे इमान कुठे पार्क केलं होतंस? तो म्हणाला, अम्मी, देणं वेगळं आणि घेणं वेगळं. हे पण त्या निरंजननेच शिकवलं असेल.

स्वरूपा मॅडमना फोन लावला. त्या म्हणाल्या, लढता येईल, पण स्वखुशीने लिहून दिलंय, आशा कमी आहे. सही करायच्या आधी एक फोन करायचा होता.

तरी आम्ही तो फ्लॅट बघून आलो. मालक भला होता, थोडं कमी करतो म्हणाला. पण आमच्या मुद्दलात आता त्याच्या दारापर्यंत पण पोचता येत नव्हतं. ज्या वर्षी ही रक्कम भरली त्या वर्षी तेवढ्यात फ्लॅटचा मोठा हिस्सा चुकता होत होता. सना किचनच्या खिडकीपाशी उभी राहिली. खाली येताना तिने माझा हात धरला. मला आधाराची गरज नव्हती, तिलाच होती.

त्यानंतर अजिम एकटाच मौलानांकडे जाऊन आला. आला तेव्हा पाणीसुद्धा मागितलं नाही. म्हणाला, मौलाना म्हणाले, सही करायच्या आधी का नाही आलास? मग भिंतीकडे तोंड करून बसला.

तेव्हा मला त्याची दया आली, खोटं कशाला बोलू. तोच लहानपणी आपली पतंग दुसऱ्याला देऊन रडत घरी यायचा. मी त्याच्यापुढे ताट ठेवलं. तो हळूच म्हणाला, अम्मी, जाऊ दे, अल्लाह दुसरीकडून देईल.

मी ताट त्याच्याकडे सरकवलं आणि म्हणाले, "देईल, त्याला काय कमी आहे? पण तू दान केलंस ते तुझं नव्हतं, अजिम. तुझे अब्बा दर जुम्म्याला त्या गंजक्या सळया बघून यायचे, त्याची भरपाई होती ती. ती तू त्या एसीवाल्याला माफ केलीस, आणि घरात कोणाला विचारलंही नाहीस. तू वाईट नाहीस. पण आजपासून या घरातली सही सना करेल. जेव आता."