पाच ओळींची शरणागती

स्पॅनिश राजवटीतल्या फिलिपिनो साहित्याचे भारतातले एकमेव जाणकार आपणच आहोत, असं डॉ. त्रिंबक माळवदकर सांगायचे. ते खरंही असावं, कारण त्या वाटेला दुसरं कुणी गेलंच नव्हतं. सोलापुरातल्या आमच्या कॉलेजात ते इंग्रजीचे विभागप्रमुख होते. मी त्यांच्याच हाताखाली पीएच.डी. करत होतो आणि तासिका तत्त्वावर शिकवतही होतो. म्हणजे माझी पदवी आणि माझे तास, दोन्ही त्यांच्याच खिशात होती.

हा विषय निवडण्यामागचं कारण त्यांनी मला एकदा गाडी चालवता चालवता, अगदी अभिमानानं सांगितलं होतं. परीक्षकाला ज्यातलं काही कळत नाही तोच विषय घ्यावा. त्यांच्या तोंडी परीक्षेत बाहेरून आलेल्या परीक्षकानं एकच प्रश्न विचारला होता, हा देश नकाशात नेमका कुठं येतो? सरांनी भिंतीवरच्या नकाशावर बोट ठेवलं. बोट थोडं खाली, इंडोनेशियावर पडलं. पण परीक्षक चष्मा विसरून आले होते.

त्या बोटाच्या पुण्याईवर सर बावीस वर्षं जगले. त्यांना स्पॅनिश येत नव्हतं. तागालोग, म्हणजे तिथली एक मुख्य भाषा, तीही येत नव्हती. इंग्रजीतली तीन जुनी पुस्तकं त्यांच्या कपाटात होती, आणि त्या कपाटाची किल्ली ते जानव्यासारखी जपत. त्या तीन पुस्तकांतून त्यांनी एक सिद्धांत काढला होता. स्पॅनिश पाद्री येण्याआधी त्या लोकांना ना लिपी होती ना साहित्य. पाद्र्यांनी त्यांना अक्षर दिलं, छापखाना दिला, आणि त्या उपकाराखाली वाकून ते तीनशे वर्षं भक्तिगीतं लिहीत राहिले. सरांचा आवडता शब्द होता शरणागती. विभागाच्या बैठकीतही तो यायचा.

दोन वर्षांपूर्वी सरांनी प्रबंधाचं पुस्तक करायचं ठरवलं. ठरवलं त्यांनी, केलं मी. जुना प्रबंध पुन्हा टाइप केला, वाक्यं सरळ केली, तळटीपा लावल्या. ते करताना मी इंटरनेटवरून चार नवी पुस्तकं उतरवून वाचली आणि माझी झोप उडाली. पाद्री येण्याआधी तिथं लिपी होती. लोक बांबूवर सुरीच्या टोकानं लिहीत. अक्षरावर टिंब दिलं की एक स्वर, खाली दिलं की दुसरा. आपल्या ब्राह्मीच्याच कुळातली ती लिपी. इथले बायकापुरुष सर्रास लिहितात-वाचतात, असं तर एका पाद्र्यानंच लिहून ठेवलं होतं. पाद्र्यांच्या पुस्तकांना भाषा पुरवली स्थानिक माणसांनी. नाव छापलं जायचं पाद्र्याचं, आणि त्या मदतनिसाची चार ओळींची कविता पुस्तकाच्या सुरुवातीला यायची. ती पाद्र्याच्या स्तुतीची.

हे सगळं घेऊन मी सरांच्या केबिनमध्ये गेलो. त्यांनी पाच मिनिटं ऐकलं, चहा संपवला आणि म्हणाले, "संघपाल, तुला पीएच.डी. करायचीय की संशोधन?"

मी पीएच.डी. करायची ठरवली. लिपी नव्हती असं सांगणारं तिसरं प्रकरण होतं तसं ठेवलं. पुस्तक छापून आलं तेव्हा ऋणनिर्देशात माझं नाव होतं, टंकलेखन साहाय्यासाठी.

प्रकाशनासाठी सरांनी परिसंवाद ठेवला. आंतरराष्ट्रीय. त्यासाठी निदान एक परदेशी माणूस व्यासपीठावर हवा होता, आणि त्याला तिकीट काढून आणणं कॉलेजला परवडणारं नव्हतं. माझी बायको बुद्धप्रिया शाळेत शिकवते. तिच्या वर्गातल्या एका मुलीची आई फिलिपिनो आहे, हे मी कधीतरी बोलून गेलो होतो. सरांनी ते नेमकं लक्षात ठेवलं. मला म्हणाले, बाईंना घेऊन ये, त्यांच्या राष्ट्रीय पोशाखात. बोलायची गरज नाही.

ती आई म्हणजे मारिसेल, शहरातल्या जुळे सोलापूर या भागात राहायची. नवरा ऋतुराज मूळचा माढ्याकडचा, उजनी धरणाच्या पाणलोटातला, मालवाहू जहाजावर नोकरीला. जहाजावरच्याच एका फिलिपिनो मित्राची ही बहीण. लग्न होऊन नऊ वर्षं झाली होती, आणि त्यातला बहुतेक काळ तिनं नवऱ्याबरोबर नाही, सासूबरोबर काढला होता. सासू मुक्ताबाई. त्यामुळे मारिसेलचं मराठी शाळेतलं नव्हतं, माढ्याच्या रानातलं होतं.

मी गेलो तेव्हा दोघी शेंगा फोडत बसल्या होत्या. मी निमंत्रण दिलं. मुक्ताबाईंनी आधी चौकशी केली की शाल देणार का, खुर्ची पुढच्या रांगेत असणार का, आणि सुनेला एकटीला बसवणार की त्यांनाही येता येईल. मारिसेलनं मात्र कार्यक्रम कशाचा आहे ते विचारलं. मी सांगितलं. पास्योनचं नाव काढल्यावर तिनं हातातल्या शेंगा खाली ठेवल्या. पास्योन म्हणजे येशूच्या यातनांची पद्यकथा, पाच पाच ओळींच्या कडव्यांची. तिच्या गावात गुड फ्रायडेच्या आठवड्यात ती अखंड गातात. तिची आजी गायची, आईही. घरातली वही पुरात भिजली तेव्हा आजीनं सगळी पाठ म्हणून दुसऱ्यांदा लिहून काढली होती.

तिनं विचारलं, "मंग तितं मी काय बोलायचं?"

काही नाही, नुसतं बसायचं, असं मी सांगितलं. सांगताना मला लाज वाटली, पण ती गाडीवर बसेपर्यंतच टिकली.

परिसंवादाला सभागृह भरलं होतं, कारण हजेरी सक्तीची होती. मारिसेल राष्ट्रीय पोशाखात नव्हती. हिरवी इरकल नेसून आली होती, मुक्ताबाईंचीच. सरांचा चेहरा पडला. त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू साडी मीच विणली होती.

सरांचं भाषण पाऊण तास चाललं. त्यांनी पास्योनला पॅसियन म्हटलं, तेही अकरा वेळा. मग पुस्तक उघडून एकशे बारावं पान दाखवलं. तिथं मूळ तागालोग भाषेतल्या पाच ओळी छापल्या होत्या, सतराव्या शतकातल्या भक्तिकाव्याचा नमुना म्हणून. सरांनी त्या एका तागालोग पुस्तकाच्या जुन्या झेरॉक्समधून घेतल्या होत्या. खाली अर्धं पान विवेचन होतं. या ओळींतला नम्र भक्त देवापुढे हात जोडून उभा आहे, त्याच्या स्वरात तक्रार नाही, फक्त शरणागती आहे. हे विवेचन प्रबंधातही होतं. त्यावर सरांना पदवी मिळाली होती. मी ते दोनदा टाइप केलं होतं आणि एकदाही शब्दकोश उघडला नव्हता.

सर आता रंगात आले होते. आपल्या पाहुण्या भगिनी या ओळी त्यांच्या मातृभाषेत वाचून दाखवतील, असं त्यांनी जाहीर केलं. कार्यक्रमपत्रिकेत हे नव्हतं. मारिसेल उठली, माइकपाशी आली, पान पाहिलं. मनात वाचलं. मग पुन्हा वाचलं. तिनं सरांकडे पाहिलं तेव्हा तिच्या चेहऱ्यावर थट्टा नव्हती. एखाद्याच्या सदऱ्याची गुंडी उघडी दिसली की ती कशी सांगावी, तसा तो संकोच होता.

"सर, हे देवाचं न्हाय," ती म्हणाली. "हे लायब्ररीचं हाय."

सभागृह तिच्या बोलीला आधी हसलं. ती थांबली नाही. एकेक ओळीवर बोट ठेवत तिनं अर्थ सांगितला. पुस्तक येळेवर परत करा. पानं दुमडू नगा. वल्ल्या हातानं धरू नगा. हरवलं तर भरून द्यावं लागंल. आभारी हाय.

ग्रंथालयाची चिठ्ठी. मूळ पुस्तकाच्या पहिल्या पानावर डकवलेली, झेरॉक्समध्ये तशीच उतरलेली. ओळी मोजून पाच होत्या आणि कडवं पाच ओळींचं असतं, एवढं सरांना माहीत होतं.

आता हसू थांबलं. मागच्या बाकावरून एक खोकला आला. मारिसेल पुस्तक मिटून परत देणार होती, पण तिला काहीतरी आठवलं. तिनं मराठीतच सांगितलं की सर म्हणाले आमाला लिवता येत न्हवतं. पण पाद्र्यांनी पयलं पुस्तक छापलं त्यात आमची अक्षरं छापली हायेत, हे आमाला शाळंत शिकवत्यात. कुणाला वाचताच येत नसंल, तर ती कुणासाठी छापली? हा आरोप नव्हता. तिला खरंच उत्तर हवं होतं. उत्तरासाठी ती माइकपाशी उभी राहिली.

सर उठले आणि टाळ्या वाजवू लागले. त्यांना पाहून पुढची रांग वाजवू लागली, मग सगळं सभागृह. टाळ्या संपल्यावर ते इंग्रजीत म्हणाले की जिवंत संहिता म्हणतात ती हीच. आणि नीट पाहिलं तर ती चिठ्ठीसुद्धा आज्ञापालनच शिकवते, म्हणजे त्यांचा सिद्धांत अधिकच पक्का झाला. अध्यक्षांनी मान डोलावली. मारिसेलला शाल मिळाली. मुक्ताबाईंनी ती तिथंच उलगडून कापड पाहिलं आणि पुन्हा घडी घातली. जेवणात शेंगापोळी होती. प्राध्यापक मंडळींनी चिठ्ठीवर चर्चा केली नाही, पोळीवर केली.

मला वाटलं होतं, माणूस आठवडाभर तरी घरात बसेल. दुसऱ्याच दिवशी त्यांनी मला केबिनमध्ये बोलावलं. नव्या आवृत्तीत एक प्रकरण वाढवायचं होतं, क्षेत्रकार्याचं. त्या बाईकडून सगळं उतरवून आण, तिचं नाव नको, माहितगार स्त्री एवढंच लिही. आणि हो, ती लिपीबिपीची भानगड आता घालून टाक, पण ती मी शोधून काढली अशा बेतानं.

मी नाही म्हणालो. फार ठामपणे नव्हे. पण शब्द तोच होता.

त्यांना राग आला नाही. आश्चर्य वाटलं, जसं खुर्ची बोलली तर वाटेल. पुढच्या सत्रात माझे तास दुसऱ्याला गेले. मार्गदर्शक बदलून मिळावा म्हणून मी अर्ज केला, त्यावर विद्यापीठातून उलट विचारणा आली की या विषयाचा दुसरा मार्गदर्शक कोण? सध्या मी मोहोळला एका क्लासमध्ये व्याकरण शिकवतो. घरी हे सांगितलं त्या दिवशी बुद्धप्रिया एवढंच म्हणाली की टंकलेखन साहाय्य सुटलं ते बरं झालं.

रविवारी मी मारिसेलकडे जाऊ लागलो. ती आठवून म्हणायची, मी देवनागरीत उतरवून घ्यायचो, मग आम्ही अर्थ लावून वेगळ्या कागदावर मराठीत लिहायचो. ज्याला सर शरणागती म्हणत होते त्यात एक गरीब सुताराचा पोर मोठमोठ्या अधिकाऱ्यांना उलट उत्तरं देत होता. मारिसेलची आजी सांगायची की जुन्या काळी स्पेनविरुद्ध उठलेली माणसं हीच कडवी म्हणत एकत्र जमायची, आणि पाद्र्याला वाटायचं भक्ती चाललीय. मुक्ताबाई निवडटिपण करता करता ऐकायच्या. आई मुलाचा निरोप घेते त्या कडव्याशी त्यांनी मला थांबवलं आणि 'माता' खोडून 'माय' लिहायला लावलं.

त्या वर्षी गुड फ्रायडेच्या आठवड्यात मारिसेलनं घरी पाबासा ठेवला, म्हणजे पास्योनचं वाचन. सोलापुरात तिच्या भाषेचं दुसरं कुणी नव्हतं, म्हणून मुक्ताबाईंनी आपलं भजनी मंडळ बोलावलं. आठ बायका सकाळी नऊला टाळ घेऊन आल्या. वही पाळीपाळीनं पुढे सरकत होती. अर्थ कळत नव्हता, चाल अर्ध्या तासात कळली.

अकराच्या सुमारास दारात माळवदकर सर आले, सोबत एक फोटोग्राफर. कुठून कळलं कोण जाणे. मला पाहून ते हसले, जणू मी त्यांच्याच कामावर तिथं होतो. मुक्ताबाईंनी त्यांना बसवलं, पाणी दिलं आणि वही त्यांच्या मांडीवर ठेवली.

"वाचा की. समदी वाचत्यात. पाळी हाय तुमची."

देवनागरीत लिहिलेलं होतं, अक्षरन् अक्षर सुटं, माझ्याच हातचं. सरांनी दोन शब्द वाचले. तिसऱ्याशी अडखळले, घसा साफ केला, पुन्हा पहिल्यापासून सुरू केलं. शेजारच्या बजाबाई, सातवी शिकलेल्या, वहीत डोकावून त्यांना शब्द सांगू लागल्या. सर दुसऱ्या ओळीपर्यंत पोहोचले. तेवढ्यात फोटो निघाला. मग त्यांना एक बैठक आठवली.

दोन दिवसांनी पेपरात तो फोटो होता. मूळ फिलिपिनो संहितेचं पठण करताना ज्येष्ठ संशोधक डॉ. माळवदकर. बजाबाई फोटोतून कापल्या गेल्या होत्या, वहीच्या कडेला नुसत्या बांगड्या दिसत होत्या. पुढे सरांना अभ्यास मंडळावर घेतल्याचंही मी ऐकलं.

त्या दिवशी मात्र ते जिना उतरून गेल्यावर कुणी त्यांचं नावही काढलं नाही. बजाबाईंनी वही आपल्याकडे ओढली, चष्मा पुसला आणि सरांनी सोडलेल्या तिसऱ्या ओळीपासून पुढे वाचायला लागल्या. मारिसेल त्यांच्याबरोबर गात होती.