चार बोटं कमी

जगात जे कोणी उंच झाले, ते कोणाच्या तरी पाठीवर उभे राहूनच झाले. आणि त्या थोर पाठींपैकी एक पाठ माझी आहे. म्हणजे, मी एक जुनं स्टूल आहे. उंची अकरा इंच. पाय चार, त्यांतला एक दुरुस्त केलेला.

मित्रांनो (यात मैत्रिणीही आल्या, त्यांना वेगळा अर्ज करायला नको), व्याकरणाने मी नपुंसकलिंगी. तरी मी 'आलो, गेलो' असंच बोलतो, कारण 'मी आलं' म्हटलं तर लोक मला किसून चहात टाकतील.

माझा जन्म एका इंजिनिअरिंग कॉलेजच्या वर्कशॉपमध्ये, मोडक्या दाराच्या फळीतून झाला. नवे प्राचार्य पहिल्या भाषणाला उभे राहिले, तेव्हा उंच टेबलामागून श्रोत्यांना त्यांचा फक्त भांग दिसला होता. दुसऱ्या दिवशी सुतारमामांना बोलावणं गेलं.

"साहेब, टेबल कापू की तुम्हाला वाढवू?" मामांनी विचारलं.

टेबल नवंकोरं होतं, म्हणून साहेबांना वाढवायचं ठरलं.

पुढची बारा वर्षं शिपाईकाका मला गुपचूप टेबलामागे ठेवत आणि टाळ्या संपल्या की पाठीमागे लपवून नेत. साहेब माझ्यावर चढण्याआधी न चुकता बूट पुसत. एवढा मान किती फर्निचरला मिळतो? मी आजही त्यांचा ऋणी आहे.

मग एका वर्षी प्रवेशाच्या यादीत पहिला नंबर एका मुलीचा आला. पंप दुरुस्त करणाऱ्या मिस्त्रींची मुलगी. त्या कॉलेजात तोवर एकही मुलगी शिकली नव्हती. मुलींना बंदी होती असं नाही हं. बंदी घालावी अशी कोणी आलीच नव्हती. गुण तर नाकारता येईनात. तेव्हा ड्रॉइंगच्या सरांनी एक नियम काढला : उमेदवाराचा हात हॉलमधल्या मोठ्या फळ्याच्या वरच्या कडेला पोचला पाहिजे आणि तिथे सरळ रेघ मारता आली पाहिजे. नियम जुनाच आहे, असं सर म्हणाले. फक्त त्याची शाई वाळायची होती.

हात मोजायच्या दिवशी हॉलमध्येच साहेबांचं भाषण असल्यामुळे साहेब खुर्चीत आणि मी दाराआड होतो. मुलगी आत्याबरोबर आली. चवड्यांवर उभी राहिली, हात ताणला. चार बोटं कमी पडली.

"बघा बाई," सर आत्याला म्हणाले, "आमचा विरोध नाही. पण मशीन काय हिच्यासाठी वाकणार आहे?"

"मशीन नाहीच वाकत," आत्या म्हणाली. "माणसं वाकतात का ते बघायला आलेय मी."

"सर, एकदा उडी मारून बघू?" मुलीने विचारलं.

"उडी मारून रेघ सरळ येत नाही," असं म्हणून सरांनी यादीतल्या तिच्या नावावर पेन टेकवलं.

तेवढ्यात शिपाईकाका पाण्याचे ग्लास घेऊन आत आले. नियमबियम त्यांना ठाऊक नव्हता. हात पोचत नसला की काय करायचं, एवढं मात्र बारा वर्षं ठाऊक होतं.

"साहेब, तुमचं स्टूल देऊ का पोरीला? भाषणाचं?"

सरांनी यादीवरचं पेन उचललं.

"कसलं स्टूल?" सरांनी विचारलं.

"रोजचंच की. ज्याच्यावर साहेब मोठे होतात ते."

साहेब कानापर्यंत लाल झाले. आता काका घरी आणि मी बंबात, हे मी धरूनच चाललो. साहेबांनी आधी छताकडे पाहिलं, मग मुलीच्या टाचांकडे. त्या अजून जमिनीला टेकल्या नव्हत्या.

"आण," साहेब म्हणाले.

मुलगी चपला काढून माझ्यावर चढली. माझा चौथा पाय तेव्हा डुगडुगायचा. मित्रांनो, त्या दिवशी मी जो श्वास धरला, तो अजून पुरता सोडलेला नाही. रेघ निघाली : या टोकापासून त्या टोकापर्यंत, ताणलेल्या दोरीसारखी.

"पण नियमात स्टूल नाही," सर म्हणाले.

"नियमात तुमचा भाचा तरी कुठे बसतो? गेल्या वर्षी घेतलाच ना? तो हिच्या खांद्याला लागतो," साहेब म्हणाले आणि त्यांनी सही केली.

पहिल्याच आठवड्यात तिने लोखंडी पट्टी ठोकून माझा चौथा पाय घट्ट केला. आज बाकीचे तीन कुरकुरतात, तो नाही. दुसऱ्या आठवड्यात ती फळ्याच्या मागे डोकावली. तिथे एक गंजलेला स्क्रू होता. तेल घालून तिने तो फिरवला, तसा फळा सावकाश वीतभर खाली आला. तो पहिल्यापासून खालीवर होणाराच होता. फिरवून पाहायची गरज कोणाला पडली नव्हती, इतकंच.

पुढच्या वर्षी तीन मुली आल्या. फळ्यापाशी मला कोणी बोलावलं नाही. साहेब निवृत्त झाले, त्यांच्यामागून उंच साहेब आले, आणि माझी रवानगी स्टोअररूममध्ये झाली. रिकामपणाचं एवढं सुख मला कधी झालं नव्हतं.

एकवीस वर्षांनी शिपाईकाकांचा निरोप समारंभ होता. भाषण करणार होत्या विभागप्रमुख बाई, होय, आपल्याच. काकांनी जुन्या सवयीने मला शोधून काढलं, बाहीने पुसलं आणि टेबलाशी आणलं.

"काका, टेबल मी सकाळीच कापून घेतलंय," बाई म्हणाल्या. "पण ठेवा ते. आज तुम्ही बसा त्याच्यावर."

जन्मभर दाराशी उभे राहिलेले काका माझ्यावर बसले. किती हलके होते!

तर मित्रांनो, कोणाचा हात पोचत नसेल, तर त्याचा हात मोजण्याआधी फळ्याच्या मागे बघत जा. आणि स्टोअररूमकडे जाणारच असाल, तर माझ्यावरचा रंगाचा डबा तेवढा सरळ करा. झाकण सैल आहे, आणि हिरवा मला शोभत नाही.