ओदिलबाईंचा रिकाम्या पोटाचा कॅमेरा

मित्रांनो, मी एक म्हातारा कॅमेरा आहे. वजनाने बोकडाएवढा, स्वभावाने मात्र गरीब. पॅरिसच्या कारखान्यात जन्मलो आणि ओदिलबाईंच्या खांद्यावर वाढलो. बाईंनी जन्मभर लेखक-चित्रकारांवर माहितीपट काढले. थोर माणसं मी फार जवळून पाहिली. एका कवयित्रीने तर हट्टच धरला, की आपल्या बदकिणीलाही प्रश्न विचारा. विचारले. बदकीण मुद्द्याला धरून बोलली.

बाईंची एक रीत होती. थोर माणूस कॅमेरा पाहिला की छापील बोलतो. म्हणून त्या आधी मला फिल्म न भरताच, रिकाम्या पोटी फिरवायच्या. पाठ केलेली वाक्यं संपली, की मग फिल्म.

फ्रान्सच्या ब्रिटनी किनाऱ्यावर राहणाऱ्या कार्वेक या कादंबरीकारांनी मात्र उलटंच केलं. माझी घरघर सुरू होताच ते म्हणाले, "बाई, कित्येक वर्षांत मी एक ओळ लिहिलेली नाही. रोज सकाळी टाइपरायटरवर स्वतःचंच नाव बडवतो. खाली मारिवोनला वाटतं, नवरा लिहितोय. तिला कळलं तर खचेल हो ती."

बाईंनी धावतपळत फिल्म भरली. कार्वेक ताठ बसले. "लेखन म्हणजे एकांत."

"झाले पुन्हा थोर!" ध्वनिमुद्रक गास्पार पुटपुटला. "बाई, चित्र गेलं, पण आवाज आहे माझ्या फितीवर. पॅरिस डोक्यावर घेईल!"

बाई मला आणि गास्पारला घेऊन खाली स्वयंपाकघरात गेल्या. मारिवोन कांदे चिरत होती. बाईंचा चेहरा पाहून म्हणाली, "सांगितलं वाटतं त्यांनी? अहो, त्यांच्या कादंबऱ्या मीच टाइप करायचे. तोच तोच ठेका मला कळणार नाही?"

"मग बोलला का नाहीत?"

"बोलले तर ते सकाळी वर जातील का? इथे बसून मला सूप करायला शिकवतील! तुम्हीही बोलू नका हं."

"गास्पार, पूस ती फीत," बाई म्हणाल्या.

"बाई, वेडबिड लागलंय का?"

"पूस म्हणते ना!"

त्याने पुसली, तीन दिवस तोंड फुगवून.

दुसऱ्या सकाळी मी फक्त मारिवोनचे हात टिपले. खाली सुरी, वर टकटक. शब्द एकही नाही. समीक्षकांना त्यात लेखकाची अखंड साधना दिसली. नवरा-बायकोने तो माहितीपट शेजारी बसून पाहिला आणि दोघंही एकमेकांना चोरून हसले.

आता मी कपाटात असतो. भिंगावर बुरशी चढते आहे. मित्रांनो, जुन्या यंत्रांना अधूनमधून पुसत जा, तेल देत जा. आणि घरात कुणी दार लोटून कामाचा आवाज करत बसलं असेल, तर आत डोकावू नका. जेवायला मात्र हाक मारा.